हाकेच्या टप्प्यात

लोणावळा
दि. १२ ऑक्टोबर २०२३

प्रिय नंदास,
दादाचा सप्रेम जय भीम व अनेक आशीर्वाद. वि. वि.

फोनवर तू दोन शब्द बोलून ठेवून देतेस, म्हणून आपली पत्रांचीच सवय बरी. परवा मी बाजारात दाढीला बसलो होतो, तोच दुकानातले सगळे फोन एकदम किंचाळले. नशीब, वस्तरा गालावर नव्हता! पडद्यावर मराठीत लिहिलं होतं, की ही सरकारी चाचणी आहे, काही करू नका. मला आमच्या रेल्वे शेडचा भोंगा आठवला. त्यावर गावभर घड्याळं लागायची. आता भोंगा खिशात आला.

माझी नात सृष्टी वडगावला तहसील कचेरीत आपत्तीच्या कामावर आहे. ती सांगत होती, की धोका जिथं असेल तेवढाच भाग नकाशावर आखतात आणि तिथले टॉवर आपल्या टप्प्यातल्या सगळ्या फोनांना एकाच वेळी सांगतात. कुणाचा नंबर माहीत असावा लागत नाही. गप्प करून ठेवलेला फोनही ओरडतो. फार जुन्या फोनांवर मात्र येत नाही म्हणे.

तुझा वाजला का? नदीपासून दोनशे पावलांवर एकटी राहतेस, आम्हाला पावसाळाभर घोर. इकडे राहायला ये. अमृता सूनबाईही तेच म्हणते.

लोभ आहेच, तो आटू देऊ नकोस.
तुझा दादा,
निवृत्ती


इंदुरी
दि. २० ऑक्टोबर २०२३

ती. दादांस,
नंदाचा सविनय जय भीम. वि. वि.

पत्र पोचलं. माझा बटणाचा फोन, त्यो कशाला वाजतोय! शेजारच्या सरूबाईचा वाजला. तिनं घाबरून पिठाच्या डब्यात कोंबला न् वर झाकण लावलं. आतनंबी ओरडतच व्हता. आमी लय हसलो.

पर मला आपलं आबा आठवलं. छप्पन साली धम्म घेतल्यावर त्यांनी दवंडीचं डफडं गावाला परत दिलं. हितनं पुढं कुणाच्या हुकमानं ओरडणार न्हाई, म्हनले. एवढं तुमाला ठावं हाय. पुढचं न्हाई, कारण तुमी पुण्याला बोर्डिंगात व्हता.

मी चौथीत असंन. भर दुपारी इंद्रायणी चढाय लागली. आबा रानातनं पळत आलं आन् दारोदार ओरडत सुटलं. डफडं न्हाई, काय न्हाई. एकेकाचं नाव घेऊन. पाटलालाबी नुसत्या नावानं हाक मारली. मी मागनं पळत व्हते. मला वाटलं, आता आबांना मार बसतोय. पर पाटील मुकाट पोरंबाळं घेऊन निघालं. माणूस एक गेलं न्हाई. पूर वसरल्यावर पंच आपल्या दारात आलं, डफडं परत घ्या म्हनले. आबांनी त्यांना च्या पाजला आन् नको म्हनले.

हे घर आबांनी बांधलंय. सोडून यायला मन व्हत न्हाई. रागावू नका. अमृताला आन् पोरींना आशीर्वाद सांगा.

तुमच्या मायेतली,
नंदा


लोणावळा
दि. २ नोव्हेंबर २०२३

प्रिय नंदास,
सप्रेम जय भीम व आशीर्वाद. वि. वि.

तुझं पत्र तीनदा वाचलं, मग सृष्टीला दिलं. आबांनी मला हे कधीच सांगितलं नाही. मी सुटीत आलो की ते माझ्या अभ्यासाचं विचारायचे, आणि मी त्यांना काहीच विचारायचो नाही. आता पंचाहत्तरीत ते सलतं.

ये म्हणून यापुढे छळणार नाही. फक्त एक ऐक. सृष्टी रविवारी नवा फोन घेऊन येईल आणि सगळं लावून देईल. तो पिठात ठेवू नकोस.

तब्येतीला जप. दोन ओळी का होईना, लिहीत जा.
दादा


इंदुरी
दि. ११ ऑगस्ट २०२४

ती. दादांस,
नंदाचा सविनय जय भीम. वि. वि.

सृष्टीनं तुमाला फोनवर सांगितलंच असंल, तरी मी माझ्या हातानं लिहिते. मागल्या मंगळवारी दुपारी मी भाकरी थापत व्हते. फोन असा किंचाळला, की पीठ उडालं. धरणातनं पाणी सोडलंय, नदीकाठच्यांनी उंचावर जावं, असं लिहिलं व्हतं. गॅस बंद केला न् निघाले. गल्लीत कुणाचा फोन वाजला, कुणाचा घरात ठेवून माणूस रानात. मग मी नावं घेऊन हाका मारत सुटले. सरूबाई शेळ्या सोडीत व्हती, तिला शाळेकडं पिटाळलं.

त्या पाटलाचा बाजीराव आता ऐंशीचा हाय. कानानं ठार बहिरा, पोरं पुण्याला. फोन उशाखाली ओरडत व्हता आन् ह्यो पेपर वाचीत बसल्याला. त्या घराच्या पायरीपुढं आबा कधी गेलं न्हाईत, मीबी न्हाई. तशीच आत शिरले आन् हाताला धरून उठवलं. कुटं, कशाला, काय विचारलं न्हाई त्यानं. शाळेत पोचलो, तवर त्याच्या ओट्याला पाणी लागलं व्हतं.

सगळी माणसं सुखरूप हायत. माझ्या भिंती ओल्या, ज्वारी थोडी भिजली, ती वाळवीन.

शाळेत पोरांनी खिचडी केली. बाजीरावाला काय ऐकू येईना, नुसता लोकांच्या तोंडाकडं बघत ऱ्हायला आन् माझा हात सोडीना. एकदा मी सोडवून घेतला, तर त्यानं परत धरला. मग म्या बी ऱ्हाऊ दिला. दादा, मी डाव्या हातानं जेवले.

तुमची सावली हाय, तवर मला काय कमी न्हाई.
नंदा