उपरण्याच्या सात पिना

हर्नडन, १४ सप्टेंबर २००४

तीर्थरूप वहिनींस,

उल्हासचा साष्टांग नमस्कार. घरभर कार्पेट असल्यामुळे इथे तो घालणं सोपं जातं.

पत्र पोचलं. यामिनीचं लग्न ठरल्याचं कळताच आसावरीने शेजारच्या अमेरिकनांना पेढे वाटले. त्यांनी ते फज, म्हणजे इथली दुधाची वडी, म्हणून खाल्ले. आमचा अनीश मजेत आहे. मराठीत विचारलेल्याला इंग्रजीत उत्तर देतो.

दादा असता तर कन्यादानाला तोच बसला असता. तो गेला, म्हणून आम्ही दोघांनी बसायचं, हे तुम्हीच ठरवलंत. आता लिहिता, 'विमानाच्या प्रवासाने तुमची पाठ धरते, तेव्हा नरेंद्र बसेल.' वहिनी, माझी पाठ ठणठणीत आहे. तुमचा भाऊ मुलीचा मामा आहे, त्याने मामाचं काम करावं.

पाठीला काय झालंय ते आपण दोघंही जाणतो. सोवळं नेसून उघड्या अंगाने बसलो की पाठीवरचं, दंडांवरचं कोड व्याह्यांना दिसेल. बघा, लिहिला शब्द. पस्तीस वर्षं आपल्या घरात नुसतं 'ते' म्हणत आलो.

आता जे सांगतो ते बसून वाचा. आमच्या ऑफिसात एक वॉल्टर आहे, साठीचा, छातीवर बायपासचा उभा व्रण. भर उन्हाळ्यात लांब बाह्या घालणारा मी एकटाच. त्याने कारण विचारलं नाही. म्हणाला, शनिवारी आमच्या क्लबात चल. डोंगरात तळं आहे, तिथे मोठी माणसं कपड्यांशिवाय वावरतात. पोहतात, पेपर वाचतात, पत्ते खेळतात. 'दिगंबर' हे विशेषण मी तोवर देवांपुरतं राखून ठेवलं होतं.

गळ्यापर्यंत बटणं लावून तासभर गाडीतच बसलो. वॉल्टर आला, अंगावर फक्त टोपी. 'टेक युवर टाइम,' म्हणाला आणि गेला. शेवटी उकाड्याने निर्णय घेतला.

कुणी बघितलं नाही. बघण्यासारखं प्रत्येकाकडेच काहीतरी होतं: टाके, सुटलेली पोटं, एका बाईंना एक स्तन नव्हता. नियम कडक एकच, बसण्याआधी खाली स्वतःचा टॉवेल अंथरायचा. आसनाचं एवढं सोवळं आपल्याकडेही नाही. एक निवृत्त शिक्षिका पत्ते पिसता पिसता म्हणाल्या, 'त्या पांढऱ्या जागांना क्रीम लावा हो, लवकर भाजतात.' माझ्या डागांविषयी जन्मात ऐकलेलं हे पहिलं उपयोगी वाक्य!

दोन उन्हाळे जातोय. आसावरी येत नाही. 'तुम्ही जा, मला डास चावतात.' पण पहिल्या खेपेनंतर मी अर्ध्या बाह्यांचा शर्ट मागितला, तेव्हा ती कपाटात तोंड घालून बराच वेळ शर्ट शोधत राहिली.

माझ्या लग्नात तुम्ही माझ्या उपरण्याला सात सेफ्टी पिना लावल्या होत्या, आठवतं? मायेनेच लावल्यात. एक खांद्याला टोचत होती. होम संपेपर्यंत मी हललो नाही. चौथ्या दिवशी आसावरीने पाठ पाहिली. रडली नाही. एवढंच म्हणाली, 'आधी सांगितलं असतं तर मी नाही म्हटलं असतं, असं का धरून चाललात?'

चोवीस वर्षं झाली. मला अजून उत्तर आलेलं नाही. दोष तुमचा नाही, तोंड मलाही होतं. पण तो प्रश्न यामिनीला तिच्या नवऱ्याने विचारू नये.

म्हणून व्याह्यांना आधी सांगा. तुम्हाला जमत नसेल तर नंबर कळवा, मी फोन करतो. लग्न मोडेल ही भीती मलाही आहे. सबंध पत्रभर तीच टाळत आलो. पण पिनांवर उभं राहिलेलं लग्न मी आतून पाहिलंय, वहिनी. आसावरी मोठ्या मनाची, म्हणून ते टिकलं.

अकरा डिसेंबरला पोचतो. सोवळं आणि उपरणं काढून ठेवा. पिनांचा डबा तेवढा कुलपात राहू द्या.

तुमचा, पाठ ठणठणीत असलेला,
उल्हास