मोठ्या बाईंची सात मिनिटं

९ सप्टेंबर

चित्रीकरणाला अर्धा स्टुडिओ रिकामा. निर्मात्याने पुढच्या दोन रांगांत ऑफिसातली माणसं आणून बसवली. कायदा विभागातल्या बाई माझं वाक्य पुरं व्हायच्या आतच हसत होत्या. घरी लवकर जायचं असणार.

अकरा वर्षं दर आठवड्याला तासभर मी सिनेमे, मालिका, गाणी, नटनट्यांची लग्नं आणि काडीमोड यांची टर उडवते आहे. आता नट स्वतःच स्वतःची टर उडवून फोनवर टाकतात. माझ्या आधी. आणि बरी उडवतात.

१२ सप्टेंबर

वाहिनीची बैठक. आणखी सहा भाग. तोवर प्रेक्षक परतले नाहीत तर कार्यक्रम बंद. सांगणारी माझ्या भाचीच्या वयाची. म्हणाली, मॅम, आम्ही तुम्हाला बघत मोठ्या झालो. हे वाक्य मी ओळखते. दार दाखवताना वापरतात.

१३ सप्टेंबर

सकाळी चहाच्या वेळी बाबांनी विचारलं, "आपण कोण?" नेहमीसारखंच, आदराने. मी म्हटलं, तुमची धाकटी. अरे वा, म्हणाले आणि त्यांच्या बशीतलं बिस्किट माझ्याकडे सरकवलं. पाहुण्यांना देतात तसं.

मग अंघोळ, नखं, पायाला तेल. मग ऑफिस.

१७ सप्टेंबर

निर्मात्याची कल्पना: मोठ्या बाईंना बोलवू.

एकोणीस वर्षं चाललेल्या मालिकेतली ती सासू. बाईंचं खरं नाव आता भाजीवालाही घेत नाही. मालिकेत त्या ताठ, करड्या, एक शब्द कमी बोलणाऱ्या. पहिल्या भागापासून मी त्यांची नक्कल करते, आणि माझ्या नकलेत त्या विसरभोळ्या आहेत — मालिका इतकी लांबली की सासूला स्वतःच्या सुना ओळखू येईनात! चष्मा कपाळावर ढकलायचा, मग तोच शोधायचा, आणि समोर येईल तिला विचारायचं, "तू कुणाची गं?" मूळ मालिकेत हे वाक्य एकदाही नाही. माझं आहे. पण लोक रस्त्यात अडवून त्यांनाच ते म्हणून दाखवतात.

मालिका संपून पाच वर्षं झाली. त्यानंतर त्यांना काम नाही. दिग्दर्शक म्हणतात, त्या पडद्यावर आल्या की लोक हसायला लागतात. हे कुणामुळे, ते मला कुणी सांगायला नको.

मी म्हटलं, येणार नाहीत. त्यांच्या जागी मी असते तर पायातली काढली असती.

१९ सप्टेंबर

येतायत. एका अटीवर — आधी भेट नाही, प्रश्न पाठवायचे नाहीत, तालीम नाही. फोनवर त्यांची लेक बोलली. निर्माता हात चोळत म्हणाला, अजून तोरा आहे म्हातारीला.

दोन दिवस प्रश्न लिहिते आणि खोडते. अकरा वर्षांत पहिल्यांदा पाहुण्याची भीती वाटतेय.

२६ सप्टेंबर

काही नाही. बाबांनी चष्मा फ्रिजमध्ये ठेवला होता. त्यावर विनोद सुचला. लिहिला नाही.

४ ऑक्टोबर

लिहून काढते. नाहीतर डोक्यात फिरत राहील.

मोठ्या बाई दुपारी आल्या. लेकीचा हात धरून. खूप बारीक झाल्यात. मेकअपच्या खुर्चीत डोळे मिटून बसल्या, कुणाशी बोलल्या नाहीत. मी पाया पडायला वाकले तर डोक्यावर हात ठेवला. डोळे मिटलेलेच.

स्टुडिओ भरलेला. त्या आल्या तसे लोक उभे राहिले. पहिले दोन प्रश्न ठीक गेले. उत्तरं छोटी, जुन्या वळणाची. तिसरा प्रश्न विचारला — इतक्या वर्षांत तुम्हाला माझा राग आला नाही? त्यांनी माझ्याकडे बघितलं. चष्मा कपाळावर ढकलला. मग मांडीवर, खुर्चीच्या फटीत, टेबलाखाली तोच चष्मा शोधायला लागल्या. लोक फुटलेच. मग वर बघून मला म्हणाल्या, "तू कुणाची गं?"

छप्पर उडायचं बाकी राहिलं.

मीही हसले. पुढचा प्रश्न विचारला. पुन्हा तेच. चष्मा, शोध, तू कुणाची गं. मी "माझी" म्हटलं, बाबांचं नाव सांगितलं, त्यावरही हशा. त्यांच्या चेहऱ्यावर काही हललं नाही. सात मिनिटं चाललं. चौथ्या वेळी त्या पुढे झुकल्या, अगदी हळू विचारलं, आणि मी त्यांच्या डोळ्यांत बघितलं. तिथे कुणी नव्हतं. ही नजर मी रोज सकाळी चहाच्या वेळी बघते.

तेव्हा माझ्या लक्षात आलं. चष्म्याचं ते माझं आहे. मानेचा तो झोल माझा. अर्ध्या वाक्यात थांबणं माझं. त्यांची स्वतःची एकही लकब उरलेली नव्हती. बाईंचं आपलं ते पुसून गेलं होतं, आणि त्यांच्या डोक्यात मी उरले होते.

आता ती अट कळली. तालीम का नको, ते.

निघताना लेकीने त्यांना गाडीत बसवलं. मी म्हटलं, जपून न्या. हो, दमलीय, ती म्हणाली. किती दिवस असं चाललंय, विचारायला हवं होतं. पण आमच्या घरी कुणी असं विचारलं की मला आवडत नाही. नाही विचारलं.

५ ऑक्टोबर

संकलकाच्या खोलीत दिवसभर. आमच्याकडे एकच कायदा आहे, मीच घालून दिलेला: स्टुडिओतले लोक हसले की तो तुकडा कापायचा नाही. त्या कायद्याने एका गायकाचं रडणं पडद्यावर गेलं होतं, एका नटाचं अडखळणंही. तो नट पुन्हा कुठे दिसला नाही.

खोटं कशाला लिहू — पडद्यावर बघताना मी पुन्हा हसले. संकलकाने मान वळवून माझ्याकडे बघितलं. म्हणाला, ताई, हे गेलं की आपण तीन वर्षं निर्धास्त. बरोबर आहे त्याचं. हा एक भाग कार्यक्रम वाचवतो. त्याचं घर, प्रकाशवाल्यांची घरं, माझं घर. बाबांची दिवसभराची बाई.

परत लाव, म्हटलं. परत बघितलं. आवाज बंद करून बघितलं. हसू नसलं की नुसती एक म्हातारी चष्मा शोधते आहे.

६ ऑक्टोबर

कापला.

करारात मी भांडून मिळवलेली एकच ओळ आहे — कापाकापीत अखेरचा शब्द माझा. कधी वापरली नव्हती. आज वापरली.

निर्माता आला. आधी हसला, मग दार लावून घेतलं. मी म्हटलं, त्यांची तब्येत बरी नाही. तुला डॉक्टरांनी सांगितलं? नाही. घरी रोज बघते. मग तो खाली बसला, समजावायला लागला. बघ, पाच वर्षांनी तिच्यासाठी लोक उभे राहिले. एवढं तरी मिळू दे तिला. मी नाही म्हटलं. तेव्हा म्हणाला,

"तुला एकाएकी दया कुठून सुचली? अकरा वर्षं कुणावर केलीस?"

मी पडद्याकडे वळले.

मला त्याची भीती वाटली. तुकडा फोनवर सोडायला त्याला एक मिनिट पुरलं असतं. तो जेवायला गेला तेव्हा मी संकलकाला मूळ चित्रीकरणातली ती सात मिनिटं पुसायला लावली. समोर बसून. राखीव प्रतही. तो तीनदा म्हणाला, ताई, परत येणार नाही हे. तिसऱ्यांदा मी त्याचा हात बाजूला करून बटण स्वतः दाबलं.

घरी आले. बाबांना भरवलं. अकरा वर्षांत पहिल्यांदा, कुणालाही न हसवता, आपण काही काम केलं असं वाटलं.

११ ऑक्टोबर

भाग गेला. दोन प्रश्न, दोन छोटी उत्तरं, मग मालिकेतले जुने तुकडे आणि हात जोडून निरोप. पाणचट. भावाचा लांबून फोन आला — बाई बऱ्या वाटल्या, तू मात्र थकलेली वाटलीस. मग बाबांना फोन दिला. त्यांनी त्याला विचारलं, आपण कोण. तो फार वेळ बोलला नाही.

१२ ऑक्टोबर

आकडे आले. गेल्या भागाहून खाली.

२० ऑक्टोबर

बंद. पत्र दोन ओळींचं. भाचीच्या वयाचीने फोनही केला. ती खरंच रडत होती, म्हणून मीच तिची समजूत काढली. मेकअपच्या खोलीतून माझे केसांचे टोप पिशवीत भरून आणले. मोठ्या बाईंचा पांढरा टोप पिशवीत मावेना, हातात धरून आणला. जिन्यात शेजारच्या मावशी भेटल्या. कुणी गेलं का, विचारलं. नाही म्हटलं, नोकरी गेली. त्यांना जरा हायसं वाटलं.

संकलकाने हात मिळवला. निर्मात्याने नाही.

पस्तावा? नाही. दमले आहे, पण झोप शांत लागते.

२३ ऑक्टोबर

मोठ्या बाईंचा फोन. लेकीचा नव्हे, त्यांचा. आवाज खणखणीत. माझी सात मिनिटं कुठे गेली, विचारलं. दोन आठवडे तुझे सगळे भाग लावून आरशासमोर बसत होते, म्हणाल्या. चष्मा तू डाव्या हाताने ढकलतेस, मी उजव्या हाताची, तेवढं बसवायलाच आठवडा गेला. पाच वर्षांनी काहीतरी काम केलं गं. बरं झालं होतं ना?

मी म्हटलं, फार बरं झालं होतं.

"मग का कापलीस ते कळलं मला," त्या म्हणाल्या. "आपली नक्कल कुणी केली की झोंबतं. नाही का?"

मी हो म्हटलं.