भिंतीपलीकडची पहार

९ जून
मुख्य तळाकडून हुकूम नाही. आजही! दिवसभर शिपायांचे गणवेश धुतले. ज्यांच्याशी लढायचं त्यांच्याच चड्ड्या इस्त्री करायच्या — हसावं की रडावं कळत नाही.

दादा हुकूम आणायला गेला तो हिवाळ्यात. अजून पत्ता नाही. तळ कुठे आहे ते फक्त त्यालाच सांगितलेलं — बाकी कुणी पकडलं गेलं तर बोलायला काही नको, म्हणून. मास्तर म्हणतात, “येईल गं. तिकडे मोठं काहीतरी शिजत असणार.” मास्तर आमचे म्होरके. पूर्वी भूगोल शिकवायचे. लाँड्रीखालच्या या तळघरात मला आणि वेल्डरला अजून वर्गातल्यासारखं दटावतात.

१२ जून
वेल्डर भडकला. “आपण लढतोय कशासाठी? कपडे धुवायला?” मास्तर चिडले. खरं सांगायचं तर मलाही नीट आठवेना. वर गल्लीत तिघांनी एकत्र उभं राहायला बंदी. घराघरांच्या खिडक्या सरकारने पत्रे वेल्ड करून बंद केलेल्या — त्यातल्या निम्म्या या वेल्डरनेच, पोटासाठी! रोज बघून बघून रागही बोथट झालाय.

१३ जून
तळघराच्या भिंतीतून आवाज. पहारीचा. कोणीतरी खणतंय!

१४ जून
आवाज जवळ आलाय. मास्तर म्हणाले, “शिपाईच. दुसरं कोण असणार?” जपून ठेवलेली स्फोटकं भिंतीला लावायची ठरली. आणि काय सांगू — मास्तरांच्या अंगात बळ संचारलं! वेल्डर चक्क शीळ घालतोय. शत्रू आला म्हणून केवढा आनंद!

मला भीती वेगळीच. पलीकडे दादा असला तर? मास्तरांना विचारलं. “तुझा दादा दारातून येईल,” म्हणाले.

१५ जून
वेल्डर वात पेटवणार, तोच मी भिंतीला पाठ लावून उभी राहिले. “मग मलाही उडवा!” मास्तर लालबुंद. वेल्डरने मात्र काडी विझवली. “एक वीट काढून बघू. शिपाई निघाले तर उडवायला किती वेळ लागतो?”

उद्या बघायचं. दादा, तूच अस रे.

१६ जून
शिपाई नव्हते. मुख्य तळावरची माणसं — दोघंच उरलीत. दादा त्यांच्यापर्यंत पोचलाच नव्हता. त्यांच्यातला म्हातारा मास्तरांपुढे हात जोडून उभा राहिला. “हुकूम तुमच्याकडून येतात ना? सांगा आता, पुढं काय करायचं?”