सातवी ओवी

मिरकरवाडा, रत्नागिरी
१२ नोव्हेंबर

प्रिय विनीत,

पाकिटावरचं अक्षर तुला ओळखता आलं नसेल. मी सलोनी, रूपेशची धाकटी बहीण. इतक्या वर्षांत तुला एक ओळ लिहिली नाही आणि आता लिहायला बसले तर कुठून सुरुवात करावी तेच सुचत नाही. रूपेशचं तुला कळलंच होतं, तू फोन केला होतास. गेल्या वर्षी ऑक्टोबरातल्या वादळात बोट उलटली. चार खलाशी पोहत दुसऱ्या बोटीला लागले. रूपेश बोटीचा तांडेल, तो शेवटपर्यंत सुकाण सोडून हलला नाही, एवढंच ते सांगतात. तेरा महिने झाले. तो सापडला नाही.

तुला मोरांडा आठवतो का रे? सातवीत असताना तुम्ही दोघांनी आमच्या ओटीवर बसून वसवलेला तो दर्याखालचा मुलूख. तिथं डोक्यावर आभाळाऐवजी पाणी, पाखरांच्या जागी बांगडा माशांचे थवे, आणि चंद्र रोज संध्याकाळी दोराने ओढून वर चढवायचा. मला तुम्ही खेळात घ्यायचा नाहीत, म्हणून मी दाराआडून ऐकायचे. मोरांड्याची ती आंधळी गाणारीण चांदाई मला खरी वाटायची. तिचं गाणं सात ओव्यांचं. एकेका ओवीत दर्याकडून एकेक गोष्ट परत मागायची: वल्हं, जाळं, नांगर, होडी, दिवा, आवाज. आणि सातवीत माणूस. सातही ओव्या न चुकता म्हटल्या की दर्याला नेलेलं माणूस द्यावंच लागतं, पण सातवी ओवी मोरांड्यातही कुणाला येत नाही, असं तुम्ही ठरवलं होतंत.

आई तेव्हा अंगणात मासळी निवडत बसलेली असायची. आम्हाला वाटायचं तिचं लक्ष नाही. पण सहाही ओव्या तिला पाठ निघाल्या. बोट बुडाल्यावर पंधराव्या दिवशी ती जेटीवर जाऊन उभी राहिली आणि गायला लागली,

दर्या दर्या, दार उघड, उभी तुझ्या दारी,
वल्हं नेलंस काल माझं, दे रे ते माघारी.

बाया बघत राहिल्या. कुणी हसलं नाही. मी तिला हाताला धरून घरी आणलं. वाटेत म्हणाले, आई, ते पोरांनी रचलेलं आहे. तर म्हणाली, "पोरांनीच रचलंन ना? मग माझ्या पोराला ठाऊक असंल कुठनं यायचं ते."

पुढे जे घडलं त्यानंच घात केला. डिसेंबरात सदूमामाच्या जाळ्यात दुसऱ्या जाळ्याचा तुकडा अडकून आला. त्याला रूपेशच्या बोटीची लाल खूण होती. जानेवारीत काळबादेवीच्या किनाऱ्याला फळी लागली, तिच्यावर बोटीच्या नावाची दोन अक्षरं. आई म्हणाली, "जाळं दिलान, होडी दिलान." वल्हं, नांगर, दिवा यांचं काय, असं मी विचारलं नाही. आणि मे महिन्यात मुंबईहून आमच्या काकाच्या मुलाने, चांगल्या मनानेच, त्याच्या फोनमध्ये राहिलेला रूपेशचा जुना निरोप मला पाठवला. "पोचतो रे चार दिवसांत, सुरमई ठेव म्हण आईला." गणपतीला हा भाऊ आमच्याकडे गावी आलेला आणि रूपेश बोटीवर, तेव्हाचा कधीचा तरी. मी तो आईला ऐकवला. ऐकवायला नको होता. तिने फोन कानाला लावला आणि पुन्हा पुन्हा ऐकत राहिली. मग डोळे पुसून म्हणाली, "आवाज पण दिलान गो. आता एकच ऱ्हायलं."

तेव्हापासून ती सातवी शोधते आहे. स्वतः रचते, म्हणते, आणि दाराकडे बघते. जेवताना मध्येच हात थांबतो, ओठ हलायला लागतात. मी मासळीच्या लिलावावर गेले की मागे ती किनारा गाठते. मागच्या मंगळवारी पांढऱ्या समुद्राच्या किनाऱ्याला ती छातीएवढ्या पाण्यात गेली होती. सदूमामा जाळं वाळत घालत होता म्हणून दिसली. त्याने ओढून आणलं तर तिने त्यालाच शिव्या दिल्यान, शब्द जुळत आले होते म्हणून. मामा माझ्यापाशी येऊन रडला. म्हातारा माणूस, आयुष्य दर्यावर गेलेलं, त्याला रडताना मी पहिल्यांदा बघितलं.

भटजी म्हणतात, देह मिळाला नाही तर दर्भाचा पुतळा करून विधी करतात. आई त्यांना उंबरा ओलांडू देत नाही. तुमची मोरांड्याची वही तिच्याजवळ आहे. अर्धी रूपेशच्या अक्षरात, अर्धी तुझ्या. शेवटच्या पानावर 'ओवी सातवी' असं लिहून पान कोरं ठेवलेलं आहे, आणि खाली रूपेशने बारीक लिहिलंय, 'ही विनीत लिहील.' त्यावर आई बोट ठेवते. म्हणते, विनीतला ठाऊक आहे, तो सांगेपर्यंत मी पोराचं काही करू देणार नाही.

म्हणून हे पत्र. फोनवर सांगितलंस तर ती मानणार नाही. तुझं अक्षर मात्र ती ओळखते. तिला चार ओळी लिही विनीत, की काकी, सातवी ओवी नाही. मी ती लिहिली नाही, कधी कुणी लिहिली नाही. आणि कधीकाळी खरंच लिहिली असशील, तरी नाही म्हण आणि तो कागद फाडून टाक. आईसाठी मागते आहे, पण ते तुझं 'नाही' मलाही वाचायचंय. परवा चुलीपुढे बसून मी नकळत गुणगुणत होते. सहावी संपली तरी मी थांबले नाही. पुढचा शब्द येईल म्हणून तोंड उघडं ठेवून तशीच बसून राहिले.

तुझ्या उत्तराकडे डोळे लावून,
तुझीच,
सलोनी