दगडूच्या खाचरात कोणी उतरायचं नाही

२ जुलै, बुध. तळेघर
धरणाच्या सर्वेविरुद्धची तिसरी बैठकही फुटली. आम्ही पोचायच्या आधी साध्या कपड्यातले दोन पोलीस पारावर चहा पीत बसलेले. एकाने वर मलाच हाक मारली, "या सचिव, या." अंगाचा तिळपापड झाला. आपल्यातच खबऱ्या आहे. मला संशय समितीतल्याच दगडूचा. सगळ्यांशीच गोड बोलतो.

४ जुलै
फक्त दगडूला सांगितलं: सोमवारी गुप्त बैठक, लेण्याद्रीच्या पायऱ्यांपाशी. बैठक वगैरे काही नाही. समितीत दुसऱ्या कोणाला पत्ता नाही. बघू.

७ जुलै, सोम.
पायऱ्यांपाशी तेच दोघे! दगडू भोळ्या तोंडाने विचारतो, "बाकीचं कुठं राह्यलं, भाऊ?" थोबाडीत द्यावीशी वाटली.

८ जुलै
समितीत सगळं सांगितलं. ठरलं, दगडूच्या इर्जिकीला कोणी जायचं नाही. दरवर्षी वीस माणसं उतरतात, एका दिवसात भात लावून होतो. आता लाव म्हणावं एकटा.

११ जुलै
दगडू नि त्याची बायको, दोघंच चिखलात. तिने वीस जणांचं जेवण रांधून ठेवलं होतं म्हणे. बरी जिरली.

१३ जुलै
माझी बायको जेवताना सहज म्हणाली, "त्या लेण्याद्रीच्या बैठकीला सोपानभावजी आलेच न्हाईत का? आदल्या दिवशी म्या सांगितलं व्हतं त्यांना."
सोपान माझा सख्खा धाकटा भाऊ, आळेफाट्याला गॅरेज आहे त्याचं. आणि बायकोला भाकरी बांधायला सांगताना ठिकाण मीच बोललो होतो. 'कोणालाच सांगितलं नाही' म्हणताना घरचं माणूस मोजलंच नाही. गाढव मी!

१४ जुलै
गॅरेजवर गेलो. सोपानने हातातला पानाही खाली ठेवला नाही.
"व्हय, मीच सांगतो त्यांना. दादा, पोलिसांच्या यादीत तुझं नाव वर व्हतं. म्या काढाया लावलं, तवा त्यांनी दगडूचं घातलं. सांग जा समितीला, हाय का हिंमत?"
लाज वाटते याला भाऊ म्हणायची. उलट एक शब्द बोललो नाही, त्याची जास्त.

१५ जुलै
दगडू दारात. हातात पोलीस ठाण्याची नोटीस. अर्धं खाचर रिकामं, रोपं पिवळी पडली म्हणाला.
"माझं काय चुकलं तेवढं सांगा, भाऊ. समितीच्या पाया पडतो. पन मानसं धाडा."
"चौकशी चालू आहे," म्हणालो. आत बोलावलं नाही. पाणीसुद्धा विचारलं नाही.
उद्या समिती. फितुराचं नाव ठरावात मलाच लिहायचं आहे.