उत्तर टोकाचे पाणी

मी, खाली सही करणारा, वय वर्षे सत्तर, प्रांताच्या मैदानावर छत्तीस वर्षे खेळपट्ट्या तयार करून निवृत्त झालेला माणूस, हे मृत्युपत्र कोणाच्या धाकाने, आग्रहाने किंवा औषधाच्या अमलाखाली लिहीत नाही. गुडघे कामातून गेले आहेत, पण डोके जागेवर आहे; डॉक्टरांनी दोन्ही गोष्टी तपासून लेखी दिल्या आहेत. यापूर्वी मी मृत्युपत्र केलेले नाही, कारण मरायला सवड नव्हती.

कलम १. मैदानामागच्या गल्लीतले दोन खोल्यांचे घर आणि बँकेतली शिल्लक पत्नीला. तिने विकावे, ठेवावे, भाड्याने द्यावे. माझ्या नातेवाइकांनी सल्ला देऊ नये.

कलम २. हातरोलर, दोन फावडी आणि माती चाळायची चाळण माझ्या जागी काम करणाऱ्या बाईंना. त्या जमिनीची ओल अजून बोटाने बघतात, यंत्राने नाही.

कलम ३. प्रांताच्या क्रिकेट संघटनेच्या माजी चिटणीसांना काहीही नाही. एका सामन्याच्या आदल्या दिवशी त्यांनी पाहुण्यांच्या जेवणासाठी खेळपट्टीवर दोनशे खुर्च्या मांडल्या होत्या. प्रत्येक खुर्चीची चार भोके मी बुजवली. त्यांना मी माफ केले आहे, पण वस्तू द्यावी इतके नाही.

कलम ४. या मृत्युपत्राची अंमलबजावणी माझ्या मेहुण्याने, म्हणजे पत्नीच्या धाकट्या भावाने, करावी. तो कोण हे इथे कुणाला सांगायला नको, पण कागद परक्याच्या हाती पडू शकतो म्हणून लिहितो. तो सतरा हंगाम प्रांताच्या संघातून खेळला. डावखुरी फिरकी टाकायचा आणि सातव्या क्रमांकावर फलंदाजीला यायचा. एकशे सहा सामने, तीनशे अकरा बळी, चार हजारांवर धावा. त्याची गोलंदाजी मुख्य की फलंदाजी, हे कुणालाच ठरवता येईना, म्हणून संघात त्याला ‘जोडधंदा’ म्हणत. खरा धंदा पोस्टात पत्रे लावण्याचा. रजा संपली की बिनपगारी खेळायचा. एकदा मोडलेल्या बोटाने पाऊण तास किल्ला लढवून त्याने सामना वाचवला, आणि दुसऱ्या दिवशी त्याच हाताने शिक्के मारत बसला.

पण मला त्याचे सगळ्यात आवडलेले काम कुठल्याच धावफलकावर नाही. सामना संपला की बाकीचे आंघोळीला पळत. हा मात्र स्वतःच्या बुटांनी पडलेले खड्डे ओल्या मातीने भरायचा, टाचेने दाबायचा आणि मग जायचा. असे करणारा दुसरा गोलंदाज मी पाहिला नाही.

कलम ५. कुठे किती पाणी दिले, किती वेळ रोलर फिरवला, याची मी रोजची वही ठेवत आलो. ती मेहुण्याला. चोवीस वर्षांपूर्वीच्या उपांत्य सामन्याची चार पाने मी खोटी लिहिली आहेत. खरे असे आहे.

त्या सामन्याला राष्ट्रीय निवड समिती येणार होती. मेहुणा एकतीस वर्षांचा, ऐन भरात, संघाचा कर्णधार. त्याने माझ्याकडे काही मागितले नव्हते; शहाणपणा सगळा माझा. मी चार दिवस उत्तर टोकाचे पाणी तोडले आणि त्याचा चेंडू जिथे टप्पा घेतो तिथली माती तारेच्या ब्रशने खरवडली, म्हणजे कोरड्या मातीवर त्याची फिरकी हातभर वळेल. सामन्याच्या सकाळी तो आला, उकिडवा बसला, मातीवरून तळवा फिरवला, माझ्याकडे बघितले आणि नाणेफेकीला गेला.

सामना दीड दिवसात आटोपला. त्याला अकरा बळी मिळाले. त्या मातीवर मीही चार घेतले असते. पण त्याच मातीवर आमच्या बाकीच्या दहा जणांनी मिळून एकोणपन्नास धावा केल्या आणि त्याने एकट्याने त्र्याहत्तर. इतकी सुंदर फलंदाजी मी जन्मात पाहिली नाही. तिच्याकडे कुणी लक्षच दिले नाही, सगळे खेळपट्टीकडे बोट दाखवत होते.

चौकशी बसली. मी तोंड उघडणारच होतो, असे मी आजवर स्वतःला सांगत आलो. खरे म्हणजे माझी बोबडी वळली होती. तो म्हणाला, “पाणी तोडायला मीच सांगितलं. दाजी नको म्हणत होते, मी ऐकलं नाही.”

त्याचे कर्णधारपद गेले, उरलेल्या हंगामाची बंदी आली, निवड समिती पुन्हा फिरकली नाही. मला समज देऊन सोडले. घरी येताना मी विचारले, असे का केलेस? तो म्हणाला, “मला पोस्ट आहे. तुम्हाला मैदानाशिवाय दुसरं काही येतं का, दाजी?”

पुढची सहा वर्षे परगावचे प्रेक्षक त्याला ‘गल्लीतला वाघ’ म्हणून ओरडत, आणि तो त्यांच्याच खेळपट्ट्यांवर बळी घेत राहिला. माझी बायकोसुद्धा सख्ख्या भावाला त्या सामन्यावरून टोमणे मारते. तो ऐकून घेतो आणि चहा मागतो. मी मात्र नोकरी पुरी केली आणि निरोपाचे घड्याळ घेतले. मला याची लाज वाटते.

कलम ६. खेळाडूंच्या खोलीत त्याचे छायाचित्र लावण्याचा ठराव त्या सामन्यामुळे दोनदा फेटाळला गेला. येत्या रविवारी तो ठराव शेवटच्या वेळी मांडला जाणार आहे. ~~माझ्या मृत्यूनंतर~~ कलम ५ संघटनेच्या बैठकीत मोठ्याने वाचावे.

वरील खाडाखोडीचा खुलासा. माझे अक्षर म्हणजे कोंबडीचे पाय, म्हणून स्वच्छ प्रत करायला मसुदा पत्नीला दिला. तोंडाने सांगायचा धीर नव्हता, हेही खरे. कलम ५ संपल्यावर तिने पेन ठेवले आणि आत जाऊन घासलेलीच भांडी पुन्हा घासली. बाहेर आली तेव्हा म्हणाली, “चोवीस वर्षं मी त्याला बोलत आले, आणि तुम्ही समोर बसून ऐकलंत.”  मग तिने कलम ६ वाचले.

“रविवारी तुम्ही जिवंत आहात ना? मग मेल्यावर कशाला?”

ते शब्द तिच्यासमोर मी स्वतः खोडले आहेत. रविवारी सकाळी दहा वाजता मी उभा राहून वाचेन. माझा आवाज बसला तर पुढचे ती वाचेल. मेहुण्याला कळवलेले नाही, कारण कळले तर तो मला अडवायला येईल.

सही :
(मृत्युपत्र करणार)

साक्षीदार १ : आमचे डॉक्टर. सही.
साक्षीदार २ : संघटनेचे धावलेखक. सही. (कलम ५ वाचून त्यांनी चष्मा पुसला, म्हणून सहीला वेळ लागला.)

ठिकाण : राहते घर, पुढची खोली
दिनांक : ३ मार्च, शनिवार