निखाऱ्याला दम घेऊ दे

आई, आज तुझी फुंकणी जुन्नरच्या दवाखान्यात कामाला आली, आणि कधी एकदा तुला सांगते असं मला झालंय. दुपारी निमगाव साव्याची एक आजी आणली होती. सगळा जन्म चुलीपुढे गेलेला, छाती धुरानं भरलेली, अगदी तुझ्यासारखी. एकेका शब्दाला धाप लागत होती. मी मास्कचं मशीन लावायला सांगितलं, तर तिच्या मुलानं हातच जोडले. "डॉक्टरबाई, मशीनवर घालू नका. आमी घरी नेतो." मशीनवर घातलं म्हणजे माणूस संपला, हे आपल्याकडे ठरलेलंच. हे घशात नळी घालायचं मशीन नव्हे, नुसता नाकातोंडावर मास्क आहे, असं समजावल्यावर तो कसाबसा कबूल झाला. पण आजी कुठली ऐकते! आत जोरानं हवा शिरली की घाबरायची आणि मास्क ओढून काढायची. मास्क टिकला नाही तर नळीच घालावी लागणार, आणि नळीला मुलगा होकार देणार नव्हता. घरी नेली असती तर ती गेलीच असती.

तेवढ्यात मला अवसरीचं आपलं स्वयंपाकघर दिसतं. मी गाल फुगवून चूल फुंकतेय, राख भाकरीच्या पिठात उडतेय, आणि तू माझ्या हातातली फुंकणी काढून घेतेस. "अगं, सारखं फुंकू नको. निखाऱ्याला दम घेऊ दे."

मी मशीनचा जोर कमी केला, पट्टे सोडले आणि मास्क आजीच्याच हातात दिला. म्हटलं, "आजी, ही फुंकणी हाय आन् तुमी निखारा. तुमी श्वास घेतला की ती फुंकणार. ती थांबली की तुमी निवांत सोडायचा." आजीनं माझ्याकडे रोखून पाहिलं आणि मास्क स्वतःच तोंडावर धरला. मग मी हळूहळू जोर वाढवत नेला. संध्याकाळपर्यंत तिच्या ओठांचा निळेपणा गेला. मला तर वॉर्डात नाचावंसं वाटत होतं! तुला धाप लागायची तेव्हा इथं हे मशीन नव्हतं, याचा राग आहेच. पण आजचा आनंद त्याला पुरून उरला.

मास्क जरा काढल्यावर तिनं आधी चहा मागितला, मग विचारलं, हे फुंकणीचं तुला कुणी शिकवलं? आईनं, म्हटलं.

"मग तिला सांग की," ती म्हणाली, "निखारा इझला न्हाई म्हणून."

सांगितलं. हे पत्र टाकायचं कुठल्या पत्त्यावर, ते ठाऊक नाही, म्हणून माझ्या ॲप्रनच्या खिशातच राहील. आणि एक सांगते, हसू नको. चूल मला अजूनही पेटवता येत नाही.